मागे थांबणारा माणूस

गेल्या वर्षी दिवाळीच्या कार्यक्रमात आमच्या मंडळाची एकांकिका ऐन रंगात आली असताना सभागृहाचा आगीचा भोंगा वाजू लागला. नाटकात पूजेचा प्रवेश होता. खरी उदबत्ती लावायची नाही, असे मी सहा वेळा बजावले होते. परंतु यजमानीण झालेल्या वहिनींना विझलेल्या काड्यांपुढे मनापासून हात जोडणे काही जमेना, आणि त्यांनी विंगेतच दोन काड्या पेटवून घेतल्या. दोन काड्यांनी काही बिघडले नसते. पण त्याच वेळी मागच्या स्वयंपाकघरात बटाटेवड्यांचा दुसरा घाणा निघत होता, आणि चंदनाचा धूर व तेलाचा धूर छताखाली एकमेकांना भेटून तिथल्या बशीएवढ्या पांढऱ्या डबीपर्यंत पोहोचले. इंग्लंडमध्ये भोंगा वाजला की कोणी वाद घालत बसत नाही, आणि आमची माणसेही एव्हाना तसे वागायला शिकली आहेत. दोन-तीन मिनिटांत नऊवाऱ्या, फेटे, शेले आणि कडेवरची पोरे यांसह सगळा प्रेक्षकवर्ग बाहेर गाड्या लावायच्या जागेत जाऊन उभा राहिला. नोव्हेंबरची ओली थंडी होती, बोलणाऱ्यांच्या तोंडून वाफा निघत होत्या, आणि त्या वाफांतही कोणीतरी हसत हसत छायाचित्रे काढायला सुरुवात केली होती. मी आत थांबलो. थांबलो म्हणण्यापेक्षा थांबावे लागले, कारण किल्ल्या माझ्या खिशात होत्या आणि भाडेकरारावर सही माझी होती.

सभागृहाचे रखवालदार शेजारच्याच गल्लीत राहतात. पायजम्यावर पावसाळी कोट चढवून, हातात विजेरी घेऊन ते आले, त्यांनी एका लहानशा किल्लीने भोंगा बंद केला, आणि एकाएकी पडलेल्या त्या शांततेत मला विचारले की नेमके काय जळत होते. उदबत्ती ही काय वस्तू असते, नाटकातल्या देवासाठी ती खरी का लागते, आणि देव पुठ्ठ्याचा असताना धूर मात्र खरा कसा, हे मी त्यांना इंग्रजीत समजावून सांगू लागलो आणि बोलता बोलता माझे मलाच ते पटेनासे झाले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले, कपाटातून एक जाड नोंदवही काढली, तारीख, वेळ आणि कारण हे रकाने भरले आणि पेन माझ्या हातात दिले. मी सही केली. वीस मिनिटांनी प्रयोग पुन्हा सुरू झाला; वडे गार झाले होते, तरीही संपले. दुसऱ्या दिवशी मंडळाच्या व्हॉट्सॲप गटावर दोनशेच्या वर छायाचित्रे आली. वहिनींची होती, पुठ्ठ्याच्या देवाची होती, थंडीत कुडकुडणाऱ्या राजाची तर अकरा होती. एकाही छायाचित्रात मी नव्हतो.

ते खुपले. आणि आपल्याला ते खुपावे, हे त्याहून अधिक खुपले.

खरे तर हे काम माझ्यावर कोणी लादलेले नव्हते. पुण्यात महाविद्यालयात असताना, पुरुषोत्तम करंडकाच्या दिवसांत, आमच्या चमूत अभिनय करू इच्छिणारे बाराजण होते आणि खिळे, सुतळी, रंगाचे डबे व टेम्पोवाल्याचा हिशेब सांभाळू इच्छिणारा मी एकटा होतो. भरत नाट्य मंदिराच्या विंगेतला तो वास, म्हणजे ओला डिंक, तापलेल्या दिव्यांवर करपणारी धूळ आणि घाईघाईने इस्त्री फिरवलेल्या कपड्यांची ऊब, मला समोरच्या टाळ्यांपेक्षा अधिक आपला वाटे. विंगेत उभ्या असलेल्या माणसाला नाटक दिसत नाही. त्याला नाटकाची कड दिसते. प्रकाशात उभा असलेला राजा दोन पावले मागे आला की त्याचा चेहरा कसा सैल होतो, तो आधी पाणी मागतो की आपले चुकलेले वाक्य आठवून कपाळावर हात मारतो, हे पाहण्याचा हक्क फक्त त्या माणसाचा असतो. त्या हक्काच्या बदल्यात नाव मागायचे नाही, असा एक न लिहिलेला करार मी तेव्हाच केला होता. मग पंचवीस वर्षांनी, परक्या देशातल्या एका सभागृहात, तो करार आतल्या आत मोडायला निघालेला हा माणूस कोण, या विचाराने त्या रात्री झोप लागेना; आणि तशा जागेपणी मला पॅरिसमधला एक भोंगा आठवला.

साल १९७९. निळ्या पोलीस-पेटीत बसून काळातून भटकणाऱ्या डॉक्टरच्या गोष्टी सांगणारी ‘डॉक्टर हू’ ही बीबीसीची मालिका तेव्हा सोळाव्या वर्षात होती. डॉक्टर तोवर सगळे विश्व हिंडून आला असला, तरी त्याच्या चित्रणासाठी चमूने ब्रिटनबाहेर पाऊल टाकलेले नव्हते. ‘सिटी ऑफ डेथ’ या चार भागांच्या कथेसाठी एप्रिलच्या अखेरीस एक आटोपशीर चमू पॅरिसला गेला. मध्ये मे दिनाची सुट्टी आली आणि चित्रणाच्या कितीतरी जागांना टाळे लागलेले निघाले. अशाच एका बंद कलादालनाच्या दारापाशी डॉक्टर झालेल्या टॉम बेकर यांच्यामुळे आतली चोरघंटा घणघणू लागली. त्या चमूतली मंडळी सांगत आली आहेत ती गोष्ट अशी, की कॅमेऱ्यासह सगळे तिथून पसार झाले आणि मागे एकच माणूस उरला, ज्याने फ्रेंच पोलिसांना हे पटवून द्यायचे होते की येथे चोरी चाललेली नसून दूरचित्रवाणी चाललेली आहे. त्यांचे नाव जॉन नेथन-टर्नर, वय ३१, पद प्रॉडक्शन युनिट मॅनेजर, म्हणजे मालिकेचा खर्च आणि व्यवस्था सांभाळणारा माणूस. हा किस्सा मी पहिल्यांदा वाचला तेव्हा मोठ्याने हसलो होतो. नोंदवहीत सही करून आलेल्या रात्री मात्र मला त्यांचे फ्रेंच कितपत चांगले असेल, याचीच काळजी वाटत राहिली.

या गोष्टीतली गंमत अशी, की ते सगळे पॅरिसला पोहोचले तेच मुळी या माणसाच्या बेरीज-वजाबाकीमुळे. मूळ कथा १९२८ सालच्या एका जुगारखान्याभोवती रचलेली होती. आता १९२८ साल पडद्यावर आणायचे म्हणजे त्या काळच्या टोप्या, त्या काळच्या मोटारी, त्या काळचे दिवे, आणि एवढे करून ते सगळे लंडनच्या स्टुडिओत पुठ्ठ्याच्या भिंतींमध्येच मावायचे. नेथन-टर्नर यांनी हिशेब मांडून दाखवला की मोजके नट आणि अगदी थोडी माणसे नेली, तर खुद्द आजचे पॅरिस आपल्याला परवडते. चालू काळातला रस्ता भाडे मागत नाही, आणि तिथले लोक स्वतःच्याच कपड्यांत फुकट हिंडत असतात. मग कथाच वर्तमानात आली. मालिकेचे संहिता-संपादक डग्लस ॲडम्स आणि निर्माते ग्रॅहम विल्यम्स यांनी एका शनिवार-रविवारात नव्याने लिहून काढलेली ती संहिता आजही कौतुकाने आठवली जाते, आणि ते कौतुक रास्तच आहे. पण त्या संहितेला पाय ठेवायला जमीन मिळाली ती एका खर्चाच्या तक्त्यामुळे, आणि तक्त्याची आठवण कोणी काढत नाही. पडद्यावर डॉक्टर आणि त्याची सोबतीण रोमाना हातात हात घालून पॅरिसच्या रस्त्यांवरून पळतात. गोष्ट थांबते, संवाद थांबतात, फक्त संगीत आणि ते पळणे. रसिक त्याला काव्य म्हणतात. मला त्यात आणखी एक गोष्ट दिसते: एवढा खर्च करून इथवर आलोच आहोत, तर पॅरिस दिसू दे की पोटभर, असे कोणाला तरी वाटलेले असणार. काव्य आणि काटकसर यांचे असे लग्न नेहमी लागत नाही. त्या कथेचा शेवटचा भाग २० ऑक्टोबर १९७९ ला लागला आणि १ कोटी ६१ लाख लोकांनी तो पाहिला, हा त्या मालिकेचा उच्चांक. अर्थात संपामुळे समोरची आयटीव्ही वाहिनी त्या आठवड्यांत बंदच होती, आणि ज्याने आयुष्यभर खर्चाच्या वह्या वाचल्या तो माणूस अशा आकड्याने हुरळून गेला नसावा.

हा माणूस अगदी तळातून वर आला होता. बर्मिंगहॅमचा मुलगा, सुरुवातीची धडपड रंगभूमीवरची, आणि मग साठच्या दशकाच्या अखेरीस बीबीसीत फ्लोअर असिस्टंट. १९६९ मध्ये याच मालिकेच्या एका कथेवर त्याने त्या पदावर काम केले. फ्लोअर असिस्टंट म्हणजे रंगपटाच्या दारावर टकटक करून ‘तुम्हाला बोलावले आहे’ असे सांगणारा पोरगा. आपल्याकडे हेच काम करणाऱ्याला नावाने हाक मारतात, पण त्याचे आडनाव कोणाला ठाऊक नसते. पुढे सहायक फ्लोअर मॅनेजर, मग प्रॉडक्शन असिस्टंट, मग युनिट मॅनेजर. ही शिडी चढताना माणूस एक गोष्ट पक्की शिकतो, ती म्हणजे कोणती वस्तू या क्षणी कुठे आहे आणि ती तिथे नसेल तर किती वेळ वाया जाणार आहे. त्या काळी बीबीसीच्या तालमी लंडनमधल्या ॲक्टनच्या एका उंच इमारतीत होत, जिला नटमंडळी थट्टेने ‘ॲक्टन हिल्टन’ म्हणत. तिथे नेपथ्य नसेच. फरशीवर रंगीत चिकटपट्ट्या मारलेल्या असत. ही पट्टी म्हणजे भिंत, हा उभा दांडा म्हणजे दार. नट त्या नसलेल्या दारांतून आत-बाहेर करत, आणि मग ठरल्या दिवशी टेलिव्हिजन सेंटरच्या स्टुडिओत तेच दार खरे होऊन उभे राहत असे. चिकटपट्टीचे लाकडात रूपांतर करायचे, ते ठरल्या वेळी आणि ठरल्या पैशांत, एवढेच या माणसाचे काम. एवढेच, असे मी लिहिले खरे.

स्टुडिओत रात्रीचे दहा ही लक्ष्मणरेषा होती. दहा वाजले की काम बंद. मिनिटभर अधिक हवे असेल तर ते आधी मागून घ्यावे लागे, आणि मिळेलच याची खात्री नसे. अनेकांच्या आठवणींत ते शेवटचे अर्धे तास सापडतात: राक्षसाच्या रबरी मुखवट्यात घामाने निथळणारा नट, दोनदा फसलेला स्फोट, आणि घड्याळाकडे पाहणारे सगळेजण. आपल्याकडे ‘पाच मिनिटांत सुरू करू’ या वाक्याला काळाचे बंधन नसते, त्यामुळे दहाच्या त्या ठोक्याची दहशत आपल्याला नीट समजायची नाही. जे दृश्य राहिले ते राहिले. ते पुन्हा करायचे तर नवा दिवस, नवा स्टुडिओ, पुन्हा तेच दार उभे करण्याची मजुरी. शिवाय तो काळच महागाईचा होता. १९७५ मध्ये ब्रिटनमधली महागाई २४ टक्क्यांवर गेली होती, आणि दशक संपेपर्यंत ती पुरती आटोक्यात आली नव्हती. एखादा आकडा ठरवून घ्यायचा आणि सहा महिन्यांनी त्याच आकड्यात निम्मेच लाकूड येते की काय अशा धास्तीत राहायचे, हे आमच्या आईने सत्तरच्या दशकात पुण्यात जसे केले तसेच लंडनच्या शेफर्ड्स बुशमधल्या मालिकेच्या कार्यालयातही चालले होते.

त्यातून संप. १९७८ साली दाखवलेल्या ‘द इन्व्हेजन ऑफ टाइम’ या कथेच्या वेळी कामगारांच्या वादामुळे स्टुडिओच हातचा गेला, तेव्हा सरे परगण्यातल्या रेडहिल गावी ओस पडलेल्या एका इस्पितळात मुक्काम ठोकून डॉक्टरच्या अद्भुत यानाचे अंतर्भाग तिथे चित्रित केले गेले. काळातून उडणाऱ्या यानात विटांच्या भिंती आणि लोखंडी जिने पाहून लोक आजही हसतात. मीही हसलो आहे. पण त्या हसण्यात एक प्रश्न विसरला जातो: पर्याय काय होता? पर्याय होता कोरा पडदा. प्रेक्षकाला विटा दिसतात. त्या विटा शोधून, त्यांची परवानगी काढून, तिथवर वीज, चहा आणि नट पोहोचवणारी माणसे त्याला दिसत नाहीत. १९७९ मध्ये तर विटांचाही उपाय चालला नाही. ‘शाडा’ नावाच्या सहा भागांच्या कथेचे केंब्रिजमधले चित्रण झाले, स्टुडिओतला पहिला टप्पा झाला, आणि पुढच्या टप्प्यासाठी मंडळी आली तेव्हा संपामुळे दारे बंद होती. ती कथा अर्धवटच राहिली.

माझी आजी जुन्या लुगड्याचा धडसा काठ कधी टाकून देत नसे. तो गाठोड्यात राही, आणि चार-पाच वर्षांनी कोणाच्या तरी गोधडीत अचानक भेटे. नेथन-टर्नर यांचे मन त्याच जातीचे होते. ‘शाडा’ पुरी करण्याची त्यांची धडपड फसली, पण १९८३ मध्ये मालिकेच्या विसाव्या वाढदिवसाच्या विशेष भागात टॉम बेकर यांनी काम करायला नकार दिला, तेव्हा हा काठ गाठोड्यातून बाहेर निघाला. केंब्रिजच्या नदीत होडी वल्हवणारा चार वर्षांपूर्वीचा डॉक्टर नव्या गोष्टीत शिवला गेला, आणि नकार दिलेला नट पडद्यावर हजर झाला. पुढे १९९२ मध्ये त्यांनीच उरलेल्या ‘शाडा’चे तुकडे जुळवून, मधल्या फटी बेकर यांच्या निवेदनाने बुजवून, ती कथा व्हिडिओ कॅसेटवर आणली. शिवण दिसते. गोधडीची शिवण दिसतेच.

मी आत्ता ज्या वर्षांविषयी लिहीत होतो ती सगळी अजून सुखाची होती, असे मला वाटते. १९७९ संपता संपता विल्यम्स बाजूला झाले आणि त्यांच्या खुर्चीवर नेथन-टर्नर बसले. त्यात वावगे काही नव्हते. त्यांच्या आधी याच मालिकेचे युनिट मॅनेजर असलेले जॉर्ज गॅलॅचिओही निर्माते झाले आणि मिस मार्पलच्या कथांमागे उभे राहून त्यांनी वर्षानुवर्षे नेटके काम केले; त्यांचा चेहरा डोळ्यांपुढे आणायला सांगितले तर फारच थोड्यांना जमेल. नेथन-टर्नर यांचा चेहरा मात्र सगळ्यांना ठाऊक झाला. दाढी, रंगीबेरंगी फुलाफुलांचे हवाई शर्ट, चाहत्यांच्या मेळाव्यांतली व्यासपीठे, बातमी होईल अशी पाहुण्या कलाकारांची निवड. दहा वर्षे विंगेत उभा राहिलेला माणूस दिव्याखाली आला आणि तो उजेड त्याला आवडला. त्यात लबाडी होती असे मला वाटत नाही. दिवे विझल्यावर पाण्याचा पेला घेऊन उभे राहणाऱ्याला दिव्याची ओढ नसते, हा समज दिव्याखालच्या माणसांनी स्वतःच्या सोयीसाठी पसरवलेला आहे.

निर्माता झाल्यावरही त्यांचा जुना हात सुटला नाही. पीटर डेव्हिसन हा नवा डॉक्टर त्यांना सापडला तोही जुन्या हिशेबाच्या वहीतूनच, कारण यॉर्कशरमधल्या पशुवैद्यांच्या लोकप्रिय मालिकेत ते युनिट मॅनेजर असताना हा नट तिथे काम करत होता, आणि एका क्रिकेट सामन्यातले त्याचे छायाचित्र त्यांच्या कार्यालयाच्या भिंतीवर लागलेले होते. पॅरिसचा धडा त्यांनी पुन्हा पुन्हा गिरवला: १९८२ मध्ये ॲमस्टरडॅम, १९८३ मध्ये लान्सारोते, १९८४ मध्ये सेव्हिया. सेव्हियाला जाताना राक्षसी पात्रांचे केसांचे टोप आणि जाडजूड भुवया वाटेत गहाळ झाल्या आणि ऐन वेळी नवी सोय करावी लागली. पण पॅरिसमध्ये जे घडले ते पुन्हा तसे घडले नाही. तिथे शहर गोष्टीत विरघळले होते. नंतरच्या परदेशवाऱ्यांत अनेकदा आधी तिकीट आणि मग गोष्ट, असा क्रम जाणवतो. ‘हे परवडेल’ आणि ‘हे हवे आहे’ ही दोन वेगळी वाक्ये आहेत. युनिट मॅनेजरला पहिले वाक्य बोलायचे असते, आणि दुसरे वाक्य बोलणारा कोणीतरी त्याच्यासमोर बसलेला असतो. दोन्ही वाक्ये एकाच तोंडून निघू लागली की समोरची खुर्ची रिकामी राहते. त्यांच्यावर झालेली सगळी टीका मला मान्य नाही, पण एवढी मान्य आहे.

१९८५ मध्ये वरिष्ठांनी मालिका दीड वर्षासाठी थांबवली. मग तेव्हा डॉक्टरची भूमिका करणाऱ्या कॉलिन बेकर यांना काढून टाकण्याचा निर्णय वरून आला. नेथन-टर्नर यांनाही एव्हाना निघायचे होते, आणि ते एकदाच नव्हे तर पुन्हा पुन्हा; दर वेळी त्यांना थांबवण्यात आले. चोरघंटा घणघणत होती, दिग्दर्शक बदलले, नट बदलले, लेखक रागावून गेले, आणि पोलिसांना समजावून सांगायला तेच मागे उरले.

या उतरणीवरची एक गोष्ट मला फार प्रिय आहे. १९८८ च्या उन्हाळ्यात सर्कशीच्या पार्श्वभूमीवरची एक कथा चालू होती. बाहेरचे चित्रण उरकले, आणि स्टुडिओचे दिवस जवळ आले असताना टेलिव्हिजन सेंटरमध्ये ॲस्बेस्टॉस सापडल्याने स्टुडिओ बंद झाले. हातातले काम सोडून देण्याची वेळ आली होती. तेव्हा गोष्ट सर्कशीची आहे, मग सर्कस तंबूतच असू दे की, असा विचार पुढे आला, आणि एल्स्ट्रीच्या बीबीसी स्टुडिओबाहेर, मोटारी लावायच्या मोकळ्या जागेत, खराखुरा तंबू ठोकून उरलेले प्रवेश त्यात चित्रित झाले. आज ती कथा पाहताना तंबूचे कापड वाऱ्याने हलते, उजेड त्यातून गाळून आत येतो, आणि पुठ्ठ्याच्या भिंतींत जे कधी आले नसते असे काहीतरी त्या गोष्टीत शिरते. नाव निर्मात्याचे लागले असले, तरी माझ्या लेखी ते काम युनिट मॅनेजरचे आहे. पॅरिसचा रस्ता, रेडहिलच्या विटा आणि एल्स्ट्रीचा तंबू या तिन्ही गोष्टी एकाच वहीच्या पानांवरच्या आहेत. संकट आले की ते आधी नट शोधत नसत, लेखक शोधत नसत. ते जागा शोधत.

६ डिसेंबर १९८९ ला त्या जुन्या मालिकेचा शेवटचा भाग लागला. बीबीसीने कोणती मोठी घोषणा केली नाही. पुढच्या वर्षीचे काम निघालेच नाही, एवढेच. सगळे आपापल्या वाटेला लागले आणि नेथन-टर्नर १९९० मध्ये कार्यालय बंद होईपर्यंत तिथे राहिले. मी त्या खोलीची कल्पना करू पाहतो. कपाटे, जुन्या कॉलशीट, ज्यांवर सूर्योदयाची वेळ आणि जवळच्या इस्पितळाचा पत्ता लिहिलेला असतो, वीस देशांतून आलेली चाहत्यांची पत्रे, आणि भिंतीवर छायाचित्रे काढून घेतल्यानंतर उरलेले फिकट चौकोन. शेवटी दिवा मालवणारा माणूस कोण असावा याचा नियम अशा धंद्यात असतोच.

या माणसाविषयी फक्त माया वाटावी, अशी सोय त्यांच्या आयुष्याने ठेवलेली नाही. त्यांच्या मृत्यूनंतर, २०१३ मध्ये निघालेल्या चरित्रात, तरुण चाहत्यांशी असलेल्या त्यांच्या वागण्याबद्दल गंभीर आरोप प्रसिद्ध झाले. उत्तर द्यायला ते हयात नव्हते, आणि ज्यांनी ते सांगितले त्यांना खोटे ठरवण्याचा अधिकार मला नाही. मी त्या तंबूचे कौतुक करतो तेव्हा ही पानेही शेजारीच उघडी असतात. एक वाचताना दुसरे झाकता येत नाही. ते गेले तेव्हा ५४ वर्षांचे होते. तारीख १ मे २००२. पॅरिसमधल्या त्या सुट्टीला बरोबर तेवीस वर्षे झाली होती, आणि मी योगायोगांना अर्थ चिकटवणारा माणूस नसलो, तरी ही तारीख लिहून झाल्यावर थोडा वेळ मी पुढे लिहू शकलो नाही.

यंदा गणपतीनंतरच्या सभेत मंडळाच्या काकू मला म्हणाल्या, “या वर्षी तुम्हीच बसवा की एकांकिका. नुसते टेबल-खुर्च्या किती वर्षे उचलणार?” नाही म्हणायला मी तोंड उघडले आणि हो म्हणालो. घरी येताना गाडीत माझे मन हलके झालेले होते, हे कबूल केले पाहिजे. व्यवस्थेचे काम यंदा इथे शिकायला आलेल्या नाशिकच्या एका मुलाने घेतले आहे. मुलगा चटपटीत आहे, खिशात चिकटपट्टी आणि मोजपट्टी घेऊन हिंडतो, आणि काहीही विचारले की आधी आकडा सांगतो.

गेल्या शनिवारी आम्ही दोघे सभागृह आरक्षित करायला गेलो. रखवालदारांनी मला ओळखले, हसले, आणि यंदाच्या अटी दाखवताना ती जाड नोंदवहीही काढली. गेल्या वर्षीची नोंद अजून पानाच्या मध्यावर आहे. तारीख आहे, वेळ आहे, माझी सही आहे. कारणाच्या रकान्यात त्यांनी काय लिहिले हे मी त्या रात्री पाहिले नव्हते. तिथे त्यांच्या सुबक अक्षरात एकच शब्द आहे: ड्रामा. त्यांनी करार पुढे सरकवला आणि आमच्या दोघांच्या बरोबर मध्ये पेन धरून विचारले की यंदा जबाबदार व्यक्ती कोण. मुलाने पेन घेतले. सही करण्याआधी तो माझ्याकडे वळून मराठीत म्हणाला, “काका, यंदा पण पूजा आहे ना नाटकात? उदबत्ती खोटीच ठेवू या, काय म्हणता?”

मी थोडा वेळ विचार केला, आणि म्हणालो, “नाही रे. त्या प्रवेशाला खरीच लागेल.”

त्याने छताकडे, त्या पांढऱ्या डबीकडे एकदा पाहिले, आणि सही केली.